नळ म्हणजे अर्थिंग नव्हे
(जिल्हा बैठकीतील भाषणाचा मजकूर)



कापसाच्या भावावर बोलायला आज इथे बरेच वक्ते आहेत. ते बोलतील आणि ते बोललेच पाहिजे. मला अर्धा तास दिला आहे तो एका तारेवर बोलायला. जी तार आपल्या बहुतेक घरांत नाही, आणि जिथे आहे तिथे ती नळाला गुंडाळलेली आहे.

मी वायरमनचे काम करतो आणि शेतीही करतो, त्यामुळे दोन्ही बाजू पाहिलेल्या आहेत. नवीन घराची वायरिंग करायला गेलो की घरधनी विचारतो, बोर्ड किती, पॉइंट किती, पंखा कुठे. अर्थिंगचे काय, असे मी विचारले की उत्तर ठरलेले. "हा काय नळ आहे ना, बांधून टाका त्याला." एक फूट तार, दोन वेढे, काम संपले. खड्डा खोदायचा त्रास नाही, पाइप आणायचा खर्च नाही. या दोन वेढ्यांची हकिकत आज सांगायची आहे.

ही पद्धत आली कुठून? ती मूर्खपणातून आलेली नाही. शहरांत जमिनीखालून बिडाचे आणि लोखंडाचे नळ मैल-मैल गेलेले असायचे. एवढे लोखंड ओल्या मातीत पुरलेले म्हणजे त्याच्याइतके चांगले अर्थिंग दुसरे कोणते? अमेरिकेत घराचे अर्थिंग पाण्याच्या नळाला जोडायची रीत पडली ती यामुळेच. आपल्याकडच्या जुन्या मिस्त्रींनी तेच शिकले आणि पुढच्यांना शिकवले. पण खुद्द अमेरिकेच्या नियमांत आज काय म्हटले आहे? धातूचा नळ कमीत कमी दहा फूट मातीत पुरलेला असला पाहिजे, आणि तसा असला तरी एकट्या नळावर भागणार नाही, सोबत दुसरे अर्थिंग द्यावेच लागेल. कारण साधे आहे. पाणीवाला कधी लोखंडी नळ काढून प्लास्टिकचा टाकील याचा भरवसा नाही.

आपल्या देशात भारतीय मानक ३०४३ ही अर्थिंगची संहिता आहे. ती यापेक्षा कडक आहे. पाण्याचे नळ ग्राहकाने अर्थिंगचा इलेक्ट्रोड म्हणून वापरू नयेत, असे त्यात सरळ आहे. ही संहिता इंग्रजीत. गावातला वायरमन ती वाचणार कुठे?

आता आपल्या गावचा नळ बघा. २०१९ साली जल जीवन मिशन जाहीर झाले आणि घरोघर नळ येऊ लागले. जमिनीतून येणारी पाइप काळी किंवा राखाडी, म्हणजे प्लास्टिकची. घराजवळ आली की अनेक ठिकाणी वर तोटीपुरता हात-दोन हात लोखंडी तुकडा उभा करतात. वरून बघाल तर लोखंड, खाली उकराल तर प्लास्टिक. त्या तुकड्याला तुम्ही अर्थिंगची तार बांधली म्हणजे कशाला बांधली? कशालाही नाही. हवेत लोंबकळणाऱ्या लोखंडाला. जुनी योजना असली तरी तीच गत. वीस वर्षांपूर्वीचा जी.आय. पाइप गंजला, फुटला, ग्रामपंचायतीच्या माणसाने मधला पाच फुटांचा तुकडा कापून पी.व्ही.सी. घातला. पाणी चालू झाले, सगळे खूश. त्या दिवशी त्या ओळीतल्या सगळ्या घरांचे अर्थिंग गेले, आणि कोणाला कळलेही नाही. दिवा गेला तर कळतो, पंखा थांबला तर कळतो. अर्थिंग गेलेले कळत नाही. ते कळायची पहिली वेळ बहुधा शॉक लागायची असते.

एका गावात असेच झाले. गावाचे नाव सांगत नाही. ओळीने सहा घरे, सहाही घरांचे अर्थिंग एकाच नळाच्या लाइनला. पहिल्या घरातल्या कूलरची मोटर जळकट झाली, फेज पत्र्याला लागला. त्या घरात काही झाले नाही, कारण कूलर बाहेर खिडकीला आणि माणसे आत झोपलेली. करंट गेला कूलरमधून अर्थिंगच्या तारेत, तारेतून नळात, आणि पुढे प्लास्टिकचा जोड असल्याने जमिनीत जायला वाट नाही. चौथ्या घरातली बाई पहाटे नळावर हंडा लावायला गेली. तिच्या घरात वीजच नव्हती, बिल थकले म्हणून जोडणी कापलेली. वीज नसलेल्या घरात तिला शॉक लागला. ओटा कोरडा होता आणि पायात रबरी चप्पल होती म्हणून ती वाचली. सगळे म्हणाले, नळाला करंट आला कसा? नळाला करंट आला नव्हता. आपण सगळ्यांनी मिळून तो नळावर नेऊन ठेवला होता.

थोडा हिशेब करू. कापसाचा करतो तसाच.

घरात फेज आहे २३० व्होल्ट. गावच्या डीपीवर न्यूट्रल जमिनीत पुरलेला असतो. तुमच्या कूलरच्या पत्र्याला फेज लागला की करंट अर्थिंगच्या तारेने जमिनीत उतरतो आणि मातीतून डीपीकडे परत जातो. वाटेतला अडथळा ओहममध्ये मोजतात. समजा नळाचे अर्थिंग लंगडे आहे, ४५ ओहम. डीपीचे ५ ओहम. एकूण ५०. मग २३० भागिले ५०, म्हणजे ४.६ अँपियर करंट वाहील. तुमचा फ्यूज किती अँपियरचा? दहाचा, पंधराचा. आणि तार बदलताना तुम्ही तांब्याचे चार पदर एकत्र पिळून घातले असतील तर पन्नासचाही उडणार नाही. तेव्हा फ्यूज जाणार नाही, दिवे चालू राहतील, आणि नळावर किती व्होल्ट उभे राहतील? ४.६ गुणिले ४५, म्हणजे २०७. ओल्या अंगाच्या माणसाचा अडथळा हजार ओहमच्या आसपास धरतात. २०७ व्होल्टला दोनशे मिलीअँपियर. हृदय बंद पडायला त्याचा काही हिस्साही पुरतो.

आणखी एक गंमत बघा. ४.६ अँपियर म्हणजे तासाला एक युनिटच्या वर. दिवसाला चोवीस-पंचवीस युनिट जमिनीत जातात. कोणी तक्रार घेऊन येतो की घरात दोन दिवे, एक पंखा आणि बिल एवढे कसे, तेव्हा मीटर बदलून मागायच्या आधी मेन स्विचपुढची सगळी बटणे बंद करून मीटर फिरतो का ते बघा. एखाद वेळी मीटर खरा असतो आणि गळती तुमच्या भिंतीत असते.

आपल्या भागात हे कुठे कुठे घडते? पहिला नंबर कूलरचा. लोखंडी पत्र्याची टाकी, आत पाणी, पाण्यात पंप, आणि प्लग दोन पिनांचा. विदर्भात दर उन्हाळ्यात कूलरचा शॉक लागून माणसे गेल्याच्या बातम्या येतात. त्यात पाणी भरताना गेलेल्या बाया आणि पोरे असतात. कूलरमध्ये पाणी ओतताना प्लग काढायचा, नुसते बटण बंद करून भागत नाही. बटण न्यूट्रलवर बसवलेले असेल तर बंद केल्यावरही फेज आतच असतो.

दुसरे कडबा कुट्टीचे यंत्र. ज्वारी काढली की कडबा कापायला घरोघर दोन अश्वशक्तीची मोटर आली, आणि यंत्राचा सांगाडा सगळा लोखंडी. गोठ्यात जमीन ओली, शेणामुताची. त्याच सांगाड्याला बैल बांधलेला. गुराला माणसापेक्षा कमी व्होल्टला मरण येते, कारण त्याचे पुढचे आणि मागचे पाय लांब असतात आणि करंट छातीतून जातो. माणूस झटका खाऊन मागे सरतो, बांधलेले जनावर सरकणार कुठे?

तिसरे विहिरीवरचा स्टार्टर. जुन्या काळी विहिरीत आणि बोअरमध्ये जी.आय. पाइप उतरवत, स्टार्टरची पेटी त्या पाइपला तारेने बांधली तरी काहीतरी अर्थिंग मिळे. आता बोअरमध्ये काळा एच.डी.पी.ई. पाइप, पुढे शेतात पी.व्ही.सी. पाइप, केसिंगही प्लास्टिकचे. तार मात्र अजून त्याच जागी, दोन हात लोखंडी बेंडाला बांधलेली. कोणाचे केसिंग लोखंडी आहे आणि ते वीस-पंचवीस फूट ओल्या मातीत उतरले आहे, तर ते अर्थिंग म्हणून वाईट नाही. पण आधी खाली लोखंड किती आहे याची खात्री करा. बोअर मारणाऱ्याने सांगितले आणि खरेच उतरवले, यात फरक असतो, हे तुम्हाला मी सांगायला नको.

चौथी एक गोष्ट आहे, ती जास्त वाईट. न्यूट्रल गेला की अर्थिंगवर बल्ब लावायचा. हे आपण सगळ्यांनी बघितले आहे. फेज बोर्डातून आणि दुसरी तार नळाला. बल्ब लागतो, पोरगा अभ्यास करतो, कोणी वाईट म्हणत नाही. पण त्या वेळी करंट सतत नळातून जातो आहे, आणि ज्या क्षणी ती लाइन कुठे तुटेल त्या क्षणी तुटलेल्या टोकाला हात लावणारा प्लंबर बल्बच्या मधोमध येतो. तसेच काही जण प्लगच्या अर्थ पिनला न्यूट्रलच जोडून देतात. टेस्टरला सगळे ठीक दिसते. पण खांबावरचा न्यूट्रल तुटला की घरातला प्रत्येक लोखंडी पत्रा फेज होतो. असे करून देणाऱ्या मिस्त्रीला घरात घेऊ नका, तो माझा भाऊ असला तरी.

मोबाईलवर अमेरिकेतले व्हिडिओ बघून काही तरुण मला म्हणतात, तिथे तर नळाला जोडतात. जोडतात. पण तिथे घराच्या मेन बोर्डातच न्यूट्रल आणि अर्थ एकत्र केलेले असतात, त्यामुळे बिघाडाचा करंट न्यूट्रलच्या जाड तारेने परत जातो आणि फ्यूज तिथल्या तिथे उडतो. माती हा त्यांचा मुख्य रस्ता नाही. आपल्या गावांत डीपीचे अर्थिंग वेगळे, घराचे वेगळे आणि मधला रस्ता मातीचा. त्यांची रीत अर्धीच उचलली की आपला जीव जातो.

मग नळाला तार लावायचीच नाही का? लावायची, पण उलट्या हेतूने. घराचे स्वतःचे अर्थिंग आधी करा. मग त्या अर्थिंगपासून एक तार नळाला, मोरीतल्या लोखंडी पाइपला, गोठ्याच्या लोखंडी खांबांना, कडबा कुट्टीच्या सांगाड्याला द्या. म्हणजे सगळे लोखंड एका पातळीवर राहील आणि एका हाताने कूलर व दुसऱ्या हाताने नळ धरला तरी दोघांमध्ये व्होल्ट उरणार नाही. नळाला अर्थिंग द्यायचे, नळाकडून घ्यायचे नाही.

आता स्वतःचे अर्थिंग कसे करायचे ते सांगतो. इथे आपली जमीन आडवी येते. आपली काळी माती ओली असते तेव्हा अर्थिंगला तिच्यासारखी माती नाही. दीड इंची जी.आय. पाइप आठ-सव्वाआठ फूट, म्हणजे अडीच मीटर, ओल्या काळ्या मातीत उभा पुरला तर हिशेबाने तीन-चार ओहम मिळतात. पण हीच माती मार्च-एप्रिलात वाळते, फाटते, हात जाईल एवढ्या भेगा पडतात, आणि भेग नेमकी पाइपला लागून पडली तर पाइप आणि माती यांचा संबंधच सुटतो. कोरड्या मुरुमात तोच पाइप शंभर ओहम दाखवील. म्हणून पावसाळ्यात तपासलेल्या अर्थिंगवर विश्वास नको. तपासायचे ते मे महिन्यात, कूलर चालू असतात तेव्हाच.

खड्डा घराच्या भिंतीपासून पाच फूट तरी दूर. खोली नऊ फूट. पाइपला खाली भोके पाडून घ्यायची. भोवती कोळसा आणि मिठाचे थर ही जुनी रीत, ती चालते, पण मीठ पाइप खाते आणि पाण्याबरोबर वाहून जाते. बाजारात अर्थिंगसाठी बेंटोनाइट नावाची पावडर पोत्याने विकतात. बेंटोनाइट म्हणजे काय? फुगणारी, ओल धरून ठेवणारी चिकणमाती. तिच्यातले मुख्य खनिज माँटमोरिलोनाइट, आणि आपल्या कापसाच्या काळ्या जमिनीतली चिकणमाती मुख्यतः त्याच घराण्यातली. तेव्हा ज्यांचे घर मुरुमावर किंवा खडकावर आहे त्यांनी पोते विकत आणण्याआधी आपल्याच वावरातली काळी माती गाडीभर आणून खड्ड्यात भरावी, पाण्यात कालवून, हवा न राहता ठोकून. पिकवतो त्याचा भाव मिळत नाही, निदान मातीचा तरी उपयोग होऊ द्या.

ओल राखायची कशी? प्यायला पाणी नाही तिथे अर्थिंगला कोण घालणार? खड्डा न्हाणीच्या सांडपाण्याच्या वाटेवर किंवा शोषखड्ड्याच्या शेजारी घ्या. रोजच्या अंघोळीचे पाणी त्याला आपोआप मिळते. पण गोठ्यात किंवा गुरे उभी राहतात तिथे खड्डा नको, कारण बिघाड झाला तर पाइपभोवतीच्या जमिनीतही व्होल्ट पसरतात. पाइपपासून बोर्डापर्यंत आठ नंबरची जी.आय. तार, पाइपला नटबोल्टने कसलेली. नुसते वेढे नकोत. वेढ्याखाली गंज चढतो. आणि एका पाइपने भागले नाही तर दुसरा पाइप पंधरा-सोळा फुटांवर पुरून दोन्ही जोडा. अडथळा जवळपास निम्मा होतो. जवळजवळ पुरले तर पैसे वाया.

घर नवीन बांधत असाल, घरकुल मंजूर झाले असेल, तर याहून सोपी युक्ती आहे. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात अमेरिकेच्या ॲरिझोना प्रांतात सैन्याची दारूगोळ्याची कोठारे बांधली जात होती. तो मुलुख आपल्यापेक्षाही कोरडा. नळ नाहीत, पाऊस नाही, गज ठोकून अर्थिंग मिळेना. हर्बर्ट उफर नावाच्या इंजिनिअरने पायाच्या काँक्रीटमधल्या सळईलाच अर्थिंग केले. काँक्रीट जमिनीतली ओल शोषून धरून ठेवते आणि सळईला सगळ्या बाजूंनी चिकटलेले असते. वर्षानुवर्षे मोजून पाहिले तरी अडथळा दोन ते पाच ओहमच्या आसपास राहिला. आज हे जगभर चालते, आपल्या संहितेलाही मान्य आहे. तेव्हा पाया भरताना निदान वीस फूट सळई जमिनीत एकमेकींना नीट बांधलेली किंवा वेल्ड केलेली असू द्या, पायाखाली प्लास्टिकचा कागद पसरू नका, आणि एक सळई मीटरच्या भिंतीपाशी वीतभर बाहेर काढून ठेवा. खर्च एका वितीचा. काँक्रीट ओतल्यावर आठवण झाली तर उपयोग नाही.

एवढे करूनही फ्यूज उडेलच याची खात्री नाही, हे मघाच्या हिशेबात तुम्ही पाहिले. दहा ओहमचे चांगले अर्थिंग असले तरी करंट पंधरा अँपियरच्या आसपासच. म्हणून दुसरी वस्तू लागते. आर.सी.सी.बी., ३० मिलीअँपियरची. फेजने गेलेला करंट न्यूट्रलने परत आला का, एवढेच ती बघते. ३० मिलीअँपियर कमी आला की डोळ्याचे पाते लवायच्या आत मेन बंद. हिला अर्थिंग शंभर ओहमचे असले तरी चालते. किंमत बीटी बियाण्याच्या दोन-तीन पाकिटांएवढी. आय.एस.आय. मार्क बघून घ्या, आणि तिच्यावर 'टी' लिहिलेले बटण असते ते महिन्यातून एकदा दाबा. दाबल्यावर बंद पडली नाही तर ती फेकून द्या. ती लावली म्हणून फ्यूज किंवा एम.सी.बी. काढू नका, दोघांची कामे वेगळी. आणि फेज व न्यूट्रल दोन्ही हातांत धरले तर तीही वाचवणार नाही.

बल्ब लावून अर्थिंग तपासतात, त्याबद्दल एक शब्द. शंभराचा बल्ब अर्ध्या अँपियरपेक्षा कमी घेतो. ४५ ओहमच्या लंगड्या अर्थिंगवरही तो जवळजवळ पूर्ण उजेड देतो. तेव्हा बल्ब लागला म्हणजे अर्थिंग पास, हे खोटे. अर्थ टेस्टर घेऊन परवानाधारक ठेकेदाराकडून ओहम मोजून घ्या. गावातली दहा घरे मिळून बोलावलात तर कोणाला जड जात नाही.

आता सरकारी बाजू. मीटरच्या पुढची वायरिंग तुमची, असे वीज कंपनीचा माणूस नेहमी ऐकवतो. बरोबर आहे. पण मीटरपाशी काय हवे? भारतीय विद्युत नियम, १९५६ मधला नियम ३३ असा होता की, वीज पुरवणाऱ्याने ग्राहकाच्या जागेत, पुरवठा सुरू होतो तिथे, अर्थिंगचे टर्मिनल द्यायचे आणि ते राखायचे. केंद्रीय विद्युत प्राधिकरणाच्या २०१० च्या सुरक्षा विनियमांत ती तरतूद आली आणि २०२३ च्या नव्या विनियमांतही आहे. बसवायचा खर्च ते ठरलेल्या दराने तुमच्याकडून घेऊ शकतात, पण टर्मिनल द्यायची जबाबदारी त्यांची. आज या सभागृहात हात वर करा, कोणाच्या मीटरपाशी असे टर्मिनल आहे? २०२४ साली सरकारने साडेसात अश्वशक्तीपर्यंतच्या शेतीपंपांना फुकट विजेची योजना आणली. वीज फुकट द्यायला पैसा निघतो, नियमातली एक तार द्यायला सत्तर वर्षे निघत नाही.

तार तुटून माणूस गेला तर कंपनीची जबाबदारी, चूक सिद्ध करावी लागत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २००२ साली मध्य प्रदेश वीज मंडळ विरुद्ध शैलकुमारी या खटल्यात सांगितले आहे. तिथे मंडळ म्हणत होते की दुसऱ्याच कोणी आकडा टाकला होता. न्यायालयाने ते ऐकले नाही. पण घराच्या आत, नळावर माणूस गेला की कागदावर येते 'अकस्मात मृत्यू', आणि फाइल बंद. म्हणून असा अपघात झाला तर पंचनाम्यावर थांबू नका. विद्युत कायदा, २००३ च्या कलम १६१ प्रमाणे विद्युत निरीक्षकाकडून चौकशी मागा, आणि ती होईपर्यंत तारांना हात लावू देऊ नका. डीपीचे अर्थिंग तुटलेले होते का, मीटरपाशी टर्मिनल होते का, हे अहवालात यायला हवे.

पुढच्या बैठकीला येताना प्रत्येक गावाने एक कागद आणावा. गावात डीपी किती, कोणत्या डीपीची अर्थिंगची पट्टी जागेवर आहे, कोणाची तुटली, कोणाची चोरीला गेली. डीपीच्या कुंपणाबाहेरून बघून लिहायचे, पट्टीला हात लावायचा नाही. सोबत मीटरपाशी टर्मिनल नसलेल्या ग्राहकांची नावे आणि ग्राहक क्रमांक. अर्जाचा नमुना बाहेर टेबलावर ठेवला आहे. दोन प्रती करा आणि आपल्या प्रतीवर आवकचा शिक्का घेतल्याशिवाय कार्यालयातून निघू नका.